मेंदूतील वाटांचा शोध

मानसशास्त्राच्या पुस्तकात मज्जासंस्थेचे एक प्रकरण असते. त्यात मेंदूची आकृती असते आणि आकृतीखाली वाक्ये असतात : डोळ्यांकडून निघालेले संदेश मेंदूच्या मागील भागात पोहोचतात, हाताची हालचाल घडविणारे तंतू मेंदूच्या एका बाजूने निघून शरीराच्या दुसऱ्या बाजूस जातात, इत्यादी. बी. ए. च्या पहिल्या वर्षी मी ही वाक्ये पाठ केली, परीक्षेत लिहिली आणि गुणही मिळविले. पण हे तंतू कुठून निघतात आणि कुठे जातात हे कोणी पाहिले, व कसे पाहिले, हा प्रश्न मला त्या वेळी पडला नाही. तो पडला तो वर्गात नव्हे, खळ्यावर.

दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. मंगरूळपीर तालुक्यातील आमच्या गावी सोयाबीनची मळणी चालू होती. धाकटा भाऊ ढिगाच्या राखणीला खळ्यावर होता. संध्याकाळी कुठूनसे एक अनोळखी कुत्रे आले आणि काही कळायच्या आत त्याची पोटरी फोडून निघून गेले. पुढे घरी जे होते तेच झाले. जखमेत हळद आणि तिखट भरले, वरून फडके बांधले. तिसऱ्या दिवशी जखमेने खपली धरली. मी सुट्टीत घरी पोहोचले तो चौथा दिवस होता. दवाखान्यात नेऊ म्हटल्यावर आजी म्हणाली, “जखम त भरून आली. आता काहून सुया टोचता पोराले?”

सरकारी दवाखान्यातील डॉक्टरांनी फडके सोडले, तिखट पाहून कपाळाला हात लावला, साबणाने आणि वाहत्या पाण्याने जखम पुन्हा धुवून घेतली. मग जखमेच्या कडेने तयार प्रतिपिंडांचे इंजेक्शन दिले आणि दंडात लसीची पहिली मात्रा दिली. मी आजीचाच प्रश्न त्यांना विचारला. ते म्हणाले, “भरते ती कातडी. हा विषाणू कातडीत बसून राहत नाही, रक्तातूनही फिरत नाही. तो मज्जातंतूत शिरतो आणि तंतू धरून मेंदूकडे चढतो. तो वर पोहोचायच्या आत लसीचे काम झाले पाहिजे.”

तंतू धरून चढतो, हे कळले कसे? एवढ्या बारीक तंतूतून जाणारी वाट माणसाने पाहिली तरी कशी? या एका प्रश्नामागे मी पुढचे वर्षभर जे वाचले, ते प्रस्तुत लेखात मांडीत आहे. मी विज्ञानशाखेची विद्यार्थिनी नाही. त्यामुळे विषयाची मांडणी कलाशाखेच्या वाचकाला पेलेल अशीच ठेवली आहे.

प्रश्न अवघड का होता?

माणसाच्या मेंदूत सुमारे ८,६०० कोटी मज्जापेशी आहेत. प्रत्येक मज्जापेशीला एक गाभा असतो, त्याला फुटलेले आखूड फाटे म्हणजे शिखातंतू आणि एक लांब तंतू म्हणजे अक्षतंतू. संदेश शिखातंतूंवाटे पेशीत येतो व अक्षतंतूवाटे पुढच्या पेशीकडे जातो. अक्षतंतूची जाडी मिलिमीटरच्या हजाराव्या भागाच्या आसपास असते. लांबी मात्र काही पेशींत केसाच्या जाडीइतकी, तर काहींत कमरेपासून पायाच्या अंगठ्यापर्यंत, म्हणजे जवळजवळ एक मीटर असते. एक पेशी हजारो पेशींशी जोडलेली असू शकते. आणि हे सर्व एकाच राखी-पांढुरक्या रंगाचे! मेंदूचा साधा काप सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला तर त्यात कुणाचा तंतू कुठे गेला हे ओळखणे अशक्यच.

आपल्याकडील एक उदाहरण घेऊ. पावसाळ्यात वावराच्या कुंपणावर काकडी, दोडका, वाळूक, भोपळा या सर्वांचे वेल एकमेकांत गुंतलेले असतात. टोकाला लागलेले फळ कोणत्या बुडाचे, हे नुसते पाहून कळत नाही. मग काय करता येईल? एक उपाय म्हणजे एका वेलाचे बूड कापायचे आणि दुसऱ्या दिवशी कोणती पाने कोमेजली ते पाहायचे. दुसरा उपाय म्हणजे एकच वेल बुडापासून शेंड्यापर्यंत रंगवून काढायचा. तिसरा उपाय म्हणजे बुडाशी रंग घालून तो वेलाच्या आतून शेंड्यापर्यंत चढू द्यायचा. गेल्या पावणेदोनशे वर्षांत शास्त्रज्ञांनी मेंदूच्या बाबतीत हेच तीन उपाय, याच क्रमाने केले आहेत.

पहिला उपाय : तोडून पाहणे

इंग्लंडमधील ऑगस्टस वॉलर या वैद्याने १८५० मध्ये बेडकाच्या जिभेकडे जाणारे मज्जातंतू कापले आणि काही दिवसांनी ते सूक्ष्मदर्शकाखाली तपासले. पेशीच्या गाभ्याशी जोडलेला भाग शाबूत होता, गाभ्यापासून तुटलेला भाग मात्र विस्कटून नष्ट होऊ लागला होता. वेलाचे बूड कापले की शेंडा कोमेजतो, तसेच हे. यावरून दोन गोष्टी निघाल्या. तंतूचे पोषण गाभ्याकडून होते, ही एक. आणि कोमेजलेला भाग शोधत गेले तर तुटलेल्या तंतूची वाट कळते, ही दुसरी.

पुढे १८८० नंतरच्या दशकात इटलीच्या व्हित्तोरिओ मार्की याने नष्ट होणाऱ्या तंतूंचे स्निग्ध आवरण तेवढे काळे व्हावे अशी रासायनिक रीत काढली. परंतु ज्या बारीक तंतूंना हे आवरणच नसते, ते या रीतीने दिसत नसत. ती उणीव वॉल्ले नाउटा या शास्त्रज्ञाने १९५४ च्या सुमारास चांदीच्या क्षारांचा वापर करून भरून काढली. त्यात निरोगी तंतू फिके राहत आणि मरणारे तंतू काळे उमटत. पुढील वीस वर्षे मेंदूतील वाटांचे बहुतेक ज्ञान या रीतीनेच मिळाले.

या पद्धतीचा दोष उघड आहे. जी वाट पाहायची ती आधी मोडावी लागते. शिवाय ज्या जागी छेद दिला त्या जागेवरून सहज जाणारे, तिथे ज्यांचे काहीच काम नाही असे तंतूही कापले जातात आणि निष्कर्ष चुकतो.

दुसरा उपाय : एकच वेल रंगविणे

मिलानजवळच्या आब्बियातेग्रास्सो या लहानशा गावातील रुग्णालयात कामिल्लो गोल्जी नावाचा एक तरुण डॉक्टर नोकरीस होता. त्याला प्रयोगशाळा नव्हती. रुग्णालयाच्या एका स्वयंपाकघरात त्याने आपले टेबल मांडले आणि तेथे १८७३ मध्ये त्याला एक विलक्षण गोष्ट साधली. मेंदूचा तुकडा आधी पोटॅशियम डायक्रोमेटमध्ये व नंतर सिल्व्हर नायट्रेटच्या द्रावणात ठेवला असता काही मोजक्या मज्जापेशी संपूर्ण, अगदी शेवटच्या फाट्यापर्यंत, काळ्याभोर होत. उरलेला भाग पिवळसर, स्वच्छ. या रीतीचे मोठेपण असे की ती फार थोड्या पेशींना रंगविते. सर्वच पेशी रंगल्या असत्या तर पानभर शाई सांडल्यासारखे झाले असते. नेमक्या याच पेशी का रंगतात आणि शेजारच्या का नाही, हे आजही पुरते उलगडलेले नाही.

गोल्जीची ही रीत स्पेनच्या सांतियागो रामोन इ काहाल याने १८८७ मध्ये प्रथम पाहिली. कलाशाखेच्या वाचकांना या गृहस्थाबद्दल आपुलकी वाटावी, कारण त्याला लहानपणी चित्रकार व्हायचे होते. वडिलांच्या आग्रहामुळे तो वैद्यकाकडे वळला. हातातली कला मात्र वाया गेली नाही. त्याने काढलेली मज्जापेशींची चित्रे आजही पुस्तकांतून छापली जातात.

गोल्जी आणि काहाल यांनी एकाच रीतीने तयार केलेले काप पाहिले आणि दोघांनी अगदी उलट निष्कर्ष काढले. गोल्जी म्हणे, सर्व तंतू एकमेकांत मिसळून एक अखंड जाळे झाले आहे. काहाल म्हणे, प्रत्येक पेशी स्वतंत्र आहे. एकीचे टोक दुसरीजवळ येते, पण मिसळत नाही. १९०६ चे नोबेल पारितोषिक या दोघांना विभागून मिळाले आणि त्या प्रसंगीच्या भाषणातही गोल्जीने आपला विरोध सोडला नाही. अखेर १९५० नंतरच्या दशकात इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाने दोन पेशींमधील फट प्रत्यक्ष दाखविली. ती मिलिमीटरच्या सुमारे पन्नास हजाराव्या भागाएवढी असते. काहालचे म्हणणे खरे ठरले. या सांध्यालाच आपण संधिस्थान म्हणतो. डोळ्यांसमोर तोच पुरावा असूनही माणूस आपल्या मताप्रमाणे वेगळे पाहतो, हा मानसशास्त्राचाच धडा नव्हे काय?

येथे एक योगायोग सांगण्यासारखा आहे. गोल्जी पुढे पाव्हिया येथे प्राध्यापक झाला. त्याच्याच संस्थेत काम करणाऱ्या आदेल्की नेग्री याला १९०३ मध्ये पिसाळलेल्या प्राण्यांच्या मज्जापेशींत बारीक गोल कण आढळले. ते ‘नेग्री कण’ म्हणून ओळखले जातात आणि पुढे कित्येक दशके रॅबीजचे निदान त्यांवरून होत असे. म्हणजे मेंदूच्या वाटा दाखविणारी रीत आणि पिसाळण्याच्या रोगाची मेंदूतील खूण, दोन्हींचा संबंध एकाच गुरूशी येतो.

तिसरा उपाय : आतल्या वाहतुकीचा आधार

गाभ्याकडून तंतूचे पोषण होते हे वॉलरमुळे कळले होते. पण ते पोषण तिथवर जाते कसे? पॉल वाइस आणि त्याची सहकारी हेलन हिस्को यांनी १९४८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात मज्जातंतू एका जागी किंचित आवळला. काही काळाने आवळलेल्या जागेच्या गाभ्याकडील बाजूस तंतू फुगले. आवळण काढल्यावर साचलेला भाग हळूहळू पुढे सरकला. ओलिताच्या वावरात दांडाला आडवी माती घातली की अलीकडे पाणी तुंबते आणि माती काढली की ते पुढे धावते. ज्याने रात्रपाळीने पाणी दिले आहे त्याला हा प्रयोग निराळा समजावून सांगावा लागणार नाही. अक्षतंतू ही नुसती तार नसून तिच्या आतून मालाची ने-आण चालू असते, हे यावरून सिद्ध झाले. काही माल दिवसाला एखाददुसरा मिलिमीटर सरकतो, तर काही दिवसाला चारशे मिलिमीटरपर्यंत जातो. आणि ही वाहतूक दोन्ही दिशांनी चालते : गाभ्याकडून टोकाकडे आणि टोकाकडून परत गाभ्याकडे.

हे कळताच पुढची कल्पना सुचली. तंतू तोडायचा कशाला? त्याच्या वाहतुकीतच खुणेची वस्तू चढवून द्यावी!

१९७२ मध्ये मॅक्सवेल कोवन व त्याच्या सहकाऱ्यांनी किरणोत्सारी हायड्रोजन असलेली अमिनो आम्ले मेंदूच्या एका बिंदूत टोचण्याची पद्धत मांडली. तेथील पेशी त्यांपासून प्रथिने बनवितात आणि ती प्रथिने अक्षतंतूच्या टोकापर्यंत पाठवितात. नंतर मेंदूचे काप करून त्यांवर छायाचित्राच्या फिल्मवर असतो तसा लेप देऊन ते कित्येक आठवडे अंधारात ठेवायचे. जिथे प्रथिने पोहोचली तिथे काळे ठिपके उमटतात. ही गाभ्याकडून टोकाकडे जाणारी वाट झाली.

उलट वाटेसाठी हॉर्सरॅडिश या झाडाचा उपयोग झाला. हे आपल्या मोहरी-मुळ्याच्या कुळातले एक तिखट मूळ. त्यातील पेरॉक्सिडेज हे विकर स्नायूत टोचले असता मज्जातंतूची टोके ते आत घेतात आणि गाभ्याकडे परत नेतात, असे क्रिस्टेनसन आणि ओल्सन यांनी १९७१ मध्ये दाखविले. पुढच्याच वर्षी लाव्हेल दांपत्याने हीच युक्ती मेंदूत वापरली. एक-दोन दिवस थांबायचे, मग प्राण्याचा मेंदू काढून काप करायचे आणि त्यांवर हायड्रोजन पेरॉक्साइडसह एका रंगद्रव्याची क्रिया करायची. ज्या पेशींनी आपले टोक टोचल्या जागेपर्यंत पाठविले होते, त्या तपकिरी दिसू लागतात. ‘वाट पाहणे’ या शब्दप्रयोगाचे मराठीतील दोन्ही अर्थ येथे एकदमच लागू पडतात.

यानंतरची वस्तू तर आपल्या स्वयंपाकघरातली आहे. राजमा कच्चा खाऊ नये, भिजवून चांगला खळखळ शिजवावा, असे सांगतात, कारण त्यात पेशींना चिकटणारे एक विषारी प्रथिन असते. त्याच प्रथिनाचा एक प्रकार काचेच्या अतिसूक्ष्म नळीतून, किंचित विद्युत्प्रवाहाच्या साहाय्याने, मेंदूत सोडला तर मोजक्या पेशी तो उचलतात आणि अक्षतंतूच्या बारीकातल्या बारीक फाट्यापर्यंत नेतात, असे गेरफेन आणि सॉचेन्को यांनी १९८४ मध्ये दाखविले. गोल्जीच्या रीतीचा रेखीवपणा कायम राहिला, पण कोणती पेशी रंगवायची ही निवड प्रथमच माणसाच्या हाती आली. याच दशकात स्निग्ध पदार्थात विरघळणारे असे रंगही निघाले, जे मृत व जतन केलेल्या मेंदूतही तंतूच्या आवरणावरून हळूहळू पसरतात. मरणोत्तर मानवी मेंदूच्या अभ्यासाला त्यांची मदत झाली.

विषाणूच वाटाड्या होतो

वरील सर्व पद्धतींत एक अडचण राहतेच. रंग एका पेशीच्या हद्दीत थांबतो. त्या पेशीला संदेश देणारी पेशी कोणती, हे कळायचे तर संधिस्थानाची फट ओलांडावी लागते. रंगाला ते सहसा जमत नाही. रॅबीजच्या विषाणूला जमते.

रॅबीज, म्हणजेच अलर्क रोग किंवा जलसंत्रास. याचा विषाणू लाळेतून जखमेत येतो. स्नायूजवळच्या मज्जातंतूच्या टोकाला तो चिकटतो आणि आत घेतला जातो. टोकाकडून गाभ्याकडे परतणाऱ्या ज्या वाहतुकीत हॉर्सरॅडिशचे विकर बसले होते, त्याच वाहतुकीत हाही बसतो. मज्जारज्जूतील पेशीच्या गाभ्यात पोहोचल्यावर त्याची संख्या वाढते आणि मग तो संधिस्थान ओलांडून मागच्या पेशीत शिरतो. असे करीत तो मेंदूपर्यंत जातो. तेथून पुन्हा तंतूंवाटेच लाळग्रंथींत उतरतो. धनुर्वाताचे विषही जखमेतून मज्जारज्जूकडे अशाच उलट वाटेने चढते.

ज्या गुणामुळे हा विषाणू प्राणघातक ठरतो, त्याच गुणाचा शास्त्रज्ञांनी उपयोग करून घेतला. फ्रान्समध्ये काम करणाऱ्या गाब्रिएला उगोलिनी यांनी १९९५ मध्ये दाखविले की हा विषाणू एका पेशीकडून दुसरीकडे जाताना जोडलेल्या पेशींतूनच, आणि मागच्या दिशेनेच, जातो. पण त्याला मोकळे सोडले तर तो थांबत नाही. किती संधिस्थाने ओलांडली याचा हिशोब फक्त वेळेवरून करावा लागतो. २००७ मध्ये इयन विकरशॅम, एडवर्ड कॅलवे आणि सहकाऱ्यांनी यावर तोड काढली. विषाणूला एका पेशीतून दुसरीत जाण्यासाठी जे वेष्टन-प्रथिन लागते, त्याचा जनुकच त्यांनी काढून टाकला व त्या जागी पेशीला चमक आणणारा जनुक घातला. मग निवडलेल्या पेशींना तेवढे ते प्रथिन बाहेरून पुरविले. परिणाम असा की विषाणू त्या पेशीतून एकच पायरी मागे जातो. नव्या पेशीत प्रथिन मिळत नाही म्हणून तेथेच अडकून चमकत राहतो. ‘या पेशीशी थेट बोलणाऱ्या पेशी कोणत्या?’ या प्रश्नाचे उत्तर अशा रीतीने मिळू लागले.

हे वाचताना मला सारखी भावाची पोटरी आठवत होती.

आपल्याकडील काम

ही सर्व नावे परदेशातील आहेत म्हणून हा विषय आपला नव्हे, असे समजण्याचे कारण नाही. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत होमी भाभांच्या निमंत्रणावरून ओबेद सिद्दिकी यांनी १९६२ मध्ये रेण्वीय जीवशास्त्राचा विभाग सुरू केला. पुढे तेथे पिकलेल्या केळ्यावर घोंगावणाऱ्या चिलटांच्या वासाच्या ज्ञानावर संशोधन झाले. केनियात एका गोमंतकीय कुटुंबात जन्मलेल्या व्हेरोनिका रॉड्रिग्ज यांनी सिद्दिकींकडे डॉक्टरेट केली. १९८४ मध्ये त्यांनी एरिक बुखनर यांच्यासह किरणोत्सारी साखर वापरून वासामुळे चिलटाच्या मेंदूचा कोणता भाग जागा होतो याचे नकाशे प्रसिद्ध केले. ही साखर अशी की पेशी ती उचलते, पण पचवू शकत नाही. म्हणून जी पेशी अधिक काम करते तिच्यात ती साठत जाते. मोहरीच्या दाण्याहूनही लहान मेंदूत हे काम करायचे, म्हणजे चिकाटीची परिसीमाच म्हटली पाहिजे. रॉड्रिग्ज यांचे २०१० मध्ये निधन झाले.

विदर्भापुरते बोलायचे तर नागपूर विद्यापीठात डॉ. निशिकांत सुभेदार व त्यांच्या विद्यार्थ्यांनी मागूर आणि मृगळ या माशांच्या मेंदूवर दीर्घकाळ काम केले. नाकाकडून मेंदूकडे जाणारे गंधाचे मार्ग आणि त्या मार्गांवर आढळणारी न्यूरोपेप्टाइड नावाची रसायने हा त्यांच्या अभ्यासाचा विषय. एखाद्या रसायनाला नेमके चिकटणारे प्रतिपिंड वापरून ते रसायन बाळगणारे तंतू तेवढे रंगवायचे, ही त्यातील मुख्य रीत. पुढे ते पुण्याच्या ‘आयसर’ संस्थेत गेले. आठवडी बाजारात टोपलीत वळवळणारा मागूर आपण सर्वांनी पाहिला आहे. त्याच्या मेंदूतील वाटांवर शेजारच्या नागपुरात शोधनिबंध लिहिले गेले, हे मला वर्षभरापूर्वी ठाऊक नव्हते.

नकाशा कुठवर आला?

एका प्राण्याची संपूर्ण जोडणी प्रथम १९८६ मध्ये प्रसिद्ध झाली. तो एक मिलिमीटर लांबीचा कृमी, आणि त्याच्या मज्जापेशी अवघ्या ३०२. इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली काप एकामागून एक हाताने जुळवीत हे काम अनेक वर्षे चालले होते. २०२४ मध्ये प्रौढ चिलटाच्या मेंदूचा पुरा नकाशा तयार झाला. त्यात १,३९,२५५ मज्जापेशी आणि पाच कोटींहून अधिक संधिस्थाने आहेत. संगणकाच्या मदतीशिवाय हे शक्य झाले नसते. त्याच वर्षी मानवी मेंदूच्या एक घनमिलिमीटर तुकड्याचा नकाशा प्रसिद्ध झाला. ज्वारीच्या दाण्याहून लहान अशा त्या तुकड्यात सुमारे ५७,००० पेशी आणि सुमारे १५ कोटी संधिस्थाने आढळली. संपूर्ण मानवी मेंदू अजून फार दूर आहे.

जिवंत माणसाच्या मेंदूत रंग टोचता येत नाही. तेथे १९९० नंतरच्या दशकात निघालेली एम.आर.आय.ची एक रीत वापरतात. पाण्याचे रेणू तंतूंच्या दिशेने अधिक सहज सरकतात, त्यावरून तंतूंचे मोठे जुडगे कोणत्या दिशेने गेले याचा अंदाज बांधता येतो. मेंदूची शस्त्रक्रिया करताना त्याचा उपयोग होतो. मात्र संदेश कोणत्या टोकाकडून कोणत्या टोकाकडे जातो हे त्यात कळत नाही, आणि दोन जुडगे एकमेकांस छेदतात तिथे चूकही होते.

येथे एक गोष्ट नजरेआड करता येणार नाही. वर सांगितलेले बहुतेक ज्ञान प्राण्यांचे जीव घेऊन मिळालेले आहे. आपल्या देशात प्राण्यांना क्रूरतेने वागविण्यास प्रतिबंध करणारा १९६० चा कायदा आहे आणि प्रयोगांना नीतिसमितीची परवानगी लागते. तरीही वाचताना मनात खळबळ होतेच. ती होऊ नये असे मला वाटत नाही. एवढेच वाटते की ज्या ज्ञानासाठी अशी किंमत मोजली गेली, ते वापरायचे सोडून तिखटाची चिमूट भरणे हे त्या मुक्या जीवांवर दुहेरी अन्यायाचे आहे.

पुन्हा खळ्यावर

आजीला मी हे सर्व माझ्या परीने सांगितले. तेव्हा तिच्या नकाराचे मूळ कळले. तिच्या तरुणपणी शेजारच्या एका सालगड्याला पिसाळलेले कुत्रे चावले होते. त्याला पोटात चौदा इंजेक्शने घ्यायला सांगितले होते. दोन-तीन घेऊन तो घरी परतला, जखम भरली, तो कामालाही लागला. दीड-दोन महिन्यांनी पाण्याचा गडवा पुढे केला की त्याचा गळा आवळू लागला. आजी म्हणाली, “सुया घेऊनही तो वाचला नाही, मंग सुया काय कामाच्या?”

तिचे चुकले असे मी म्हणणार नाही. तिच्याजवळ जेवढा पुरावा होता तेवढ्यावरून तिने निष्कर्ष काढला होता. गोल्जीनेही तेच केले. जुनी लस मेंढीच्या मेंदूपासून बनवीत. तिच्यातील मेंदूच्या अंशामुळे काहींच्या शरीराची प्रतिकारशक्ती त्यांच्याच मज्जासंस्थेवर उलटे आणि लुळेपण येई. त्यामुळे लोक भीत आणि अर्ध्यावर सोडीत. २००४-०५ च्या सुमारास भारतात ती लस बंद झाली. आताची लस पेशींच्या संवर्धनावर बनविलेली असते, दंडात देतात, आणि मात्राही थोड्याच असतात. सालगड्याच्या जखमेची खपली पडली तेव्हाही विषाणूची वाटचाल चालूच होती, हे मात्र त्याला कोणी समजावून सांगितले नसावे.

सर्वसाधारणपणे चावल्यापासून दोन-तीन महिन्यांनी लक्षणे दिसतात. कधी आठवड्यात, तर कधी वर्षानेही. जखम चेहऱ्यावर किंवा हातावर असेल तर धोका अधिक, कारण तेथे मज्जातंतूंची टोके दाट असतात आणि चेहऱ्यापासून मेंदूची वाट तर अगदीच जवळची. लक्षणे दिसू लागल्यावर मृत्यू जवळजवळ अटळ असतो. त्याआधीचा काळ हीच काय ती संधी. जखम लगेच साबण आणि वाहत्या पाण्याने पंधरा मिनिटे धुवावी, कारण तंतूच्या टोकात शिरण्यापूर्वी विषाणू जखमेतच असतो. जखमेत तिखट, चुना, हळद काही भरू नये. त्याच दिवशी दवाखाना गाठावा. खरचटून रक्त आले असेल तर लसीबरोबर जखमेत प्रतिपिंडेही द्यावी लागतात. आणि ठरल्या दिवशीच्या सर्व मात्रा पुऱ्या कराव्यात.

माझ्या भावाने सर्व मात्रा पुऱ्या केल्या. तो आता दहावीत आहे. ते कुत्रे पिसाळलेले होते की नाही, हे आम्हांला कधीच कळले नाही; ते पुन्हा दिसलेच नाही. कळण्याची वाट पाहत बसणे परवडत नाही, एवढेच त्यातून शिकले.

आपल्या महाविद्यालयाचे राष्ट्रीय सेवा योजनेचे शिबिर दरवर्षी एखाद्या खेड्यात असते. रस्ते झाडणे, शोषखड्डे खणणे ही कामे आपण करतोच. त्यांत एका संध्याकाळी एवढी एक गोष्ट सांगता आली तर पाहावे : की जखम भरली तरी वाट उघडीच असते. कुंपणावरच्या वेलाचे उदाहरण दिले तर ते कोणत्याही आजीला पटते, हे मी स्वानुभवाने सांगते. आमच्या मोटारीच्या हौदाच्या काठावर आता नेहमी साबणाची एक वडी असते. ती आजीने ठेवली आहे.